नंबर अकराचे झुडूप आणि माझ्या पश्चातची व्यवस्था

मी, खाली सही करणारा, चहा संशोधन केंद्राच्या रोपवाटिकेचा निवृत्त प्रमुख, वय वर्षे सत्त्याहत्तर पूर्ण, हे मृत्युपत्र माझ्या व्हरांड्यात, माझ्याच टेबलावर, माझ्याच हाताने लिहीत आहे. माझे सरकारी नाव, वडिलांचे नाव आणि घराचा क्रमांक वकिलांनी वेगळ्या पानावर टंकून सोबत जोडला आहे. पण त्या नावाने मला टपालवाल्याशिवाय कोणी ओळखत नाही. सगळा डोंगर मला कातरमास्तर म्हणतो. एक तर माझ्या खिशात कायम छाटणीची कातर असते, आणि दुसरे कारण माझ्या जिभेत आहे असे बायको सांगायची.

माझे डोके ठिकाणावर आहे. याची खातरजमा करण्यासाठी वकिलांनी डॉक्टरांना बोलावले. डॉक्टरांनी मला शंभरातून सात-सात वजा करत यायला सांगितले. मी दोनपर्यंत आलो आणि म्हणालो, "आता तुम्ही करून दाखवा." ते त्र्याण्णव म्हणाले, शहाऐंशी म्हणाले आणि मग बॅगेत काहीतरी शोधू लागले. माझ्यावर कोणाचा दबाव नाही, धाक नाही, आणि दिवसाचे सहा कप चहा सोडले तर नशाही नाही. याआधी मी कुठे काही लिहून किंवा बोलून ठेवले असेल तर ते आजपासून रद्द समजावे. विशेषतः मेव्हण्यांना जेवता जेवता कबूल केलेले लाकडी कपाट. ते मी हसत म्हणालो होतो, आणि ते त्यांनाही ठाऊक आहे.

१. राहते घर, दोन खोल्या, स्वयंपाकघर, व्हरांडा आणि मागची पत्र्याची पडवी, हे सर्व मी माझ्या थोरल्या मुलीला देत आहे. ती पाल्याच्या कारखान्यात वाळवणीच्या यंत्रावर काम करते. गेली नऊ वर्षे ती माझ्याजवळ राहते, माझ्याशी रोज भांडते आणि रोज माझा डबाही करते. स्वयंपाकघराची पूर्वेची खिडकी तिच्या आईने गवंड्याशी हुज्जत घालून पाडून घेतली होती. मी तेव्हा खिडकी नको म्हणत होतो. माझे चुकले होते. खिडकी बुजवू नये.

२. बँकेत जे असेल ते दोन्ही मुलांनी निम्मे निम्मे घ्यावे. याबाबत जास्त लिहिण्यासारखे काही नाही. असते तर मी चहाच्या नादाला लागलो नसतो.

३. माझा धाकटा मुलगा शहरात चहाच्या पुड्या विकतो. धागा बांधलेल्या, आत चिमूटभर भुकटी असलेल्या. मागच्या खेपेला तो मला म्हणाला, "बाबा, पानाला आता कोण विचारतं? वास आम्ही वरून घालतो, संत्र्याचा, व्हॅनिलाचा, लोक म्हणतील त्याचा." मी त्याच्याशी आठ महिने बोललो नाही. आता बोलतो. या मुलाला मी माझ्याकडच्या चौतीस वार्षिक पुस्तिका देत आहे. देशातल्या चहाची लागवड आणि उत्पादन यांच्या या पुस्तिका आमचे केंद्र दर वर्षी छापते. त्याने त्या विकू नयेत, वाचाव्यात.

वाचताना त्याला एक गोष्ट कळेल. मी नोकरीला लागलो त्या वर्षीच्या पुस्तिकेत देशाचा जवळजवळ सगळा चहा मोठ्या मळ्यांतून येत होता. माणसे हाताने दोन पाने आणि एक कळी खुडत होती, आणि झुडपे बियांपासून वाढवलेली होती. शेवटच्या पुस्तिकेत निम्म्याहून जास्त पाला छोट्या बागायतदारांचा आहे, एक एकरवाल्यांचा, दीड एकरवाल्यांचा. खुडायला माणसे मिळत नाहीत, म्हणून पाला यंत्राने भादरतात. निर्यात कमी झाली, घरात पिणारे वाढले. खाली खोऱ्यात उन्हाळा सोसेना म्हणून लागवड वर सरकली, पूर्वी जिथे गवत होते त्या कोरड्या माळांवर. आणि झुडपे? ती आता बियांची नाहीत. एका निवडक झुडपाच्या फांद्यांचे तुकडे रुजवून रोपे करायची आणि तीच देशभर लावायची, अशी आता रीत आहे. ही रीत ज्यांनी पसरवली त्यांत मी पहिल्या रांगेत होतो.

पुस्तिकेच्या पहिल्या पानावर दर वर्षी एकच वाक्य असते, "उत्पादनात समाधानकारक वाढ." बाळा, त्या वाढीला कधीतरी लागवडीच्या क्षेत्राने भागून बघ. जमीन वाढली म्हणून चहा वाढला. एकरी उतारा बारा वर्षे जागचा हललेला नाही, आणि वरच्या माळांवर तर तो उतरला आहे. हा भागाकार छापण्यात कोणालाच रस नव्हता. का नव्हता, ते सातव्या बाबीत लिहिले आहे. ती वाचल्यावर बापाला काय म्हणायचे ते खुशाल म्हण.

४. रोपवाटिकेचे सध्याचे साहेब एकेकाळी माझ्या हाताखाली होते. बिचारे पाटाच्या कडेने चालतानाही बूट भरतील म्हणून रडायचे. त्यांना मी काहीही देत नाही. फक्त एक सल्ला देतो, की खुर्चीतून उठा आणि माळावर जा.

५. चांदीचे तबक. हे मला नंबर अकराच्या झुडपासाठी देशाच्या चहा मंडळाने दिले. वरती माझे नाव कोरले आहे. ते कोणीही दिवाणखान्यात ठेवू नये. थोरलीने हवे तर मोरीत साबण ठेवायला घ्यावे. मी थट्टा करत नाही. याहून योग्य जागा त्याला नाही, हेही सातव्या बाबीवरून कळेल.

६. घराच्या मागच्या बाजूची दोन एकर बाग. हिच्यात सगळी बियांची झुडपे आहेत, जुनी, वेडीवाकडी, एकाचे पान मोठे तर दुसऱ्याचे बारीक. मोठा मळा तुकडे करून विकला तेव्हा ही बाग मी घेतली. धाकटा दर वर्षी सांगतो की उपटून टाका, एकसारखी रोपे लावा, यंत्र नीट चालेल. थोरली म्हणते, "एकाला तरी हात लावून दाखव." सहा वर्षांपूर्वी सलग दोन हंगाम पाऊस दगा देऊन गेला, तेव्हा आजूबाजूची नवी लागवड जळली आणि ही बाग उभी राहिली. थोरलीने तिला तांब्याभरही पाणी घातले नव्हते. बियांच्या झाडाला सोटमूळ असते. ते खाली खाली जाते आणि पाणी शोधून काढते. फांदीच्या तुकड्यापासून केलेल्या रोपाला बहुधा ते नसते.

ही बाग मी केंद्रातल्या जुन्या मुकादमबाईंना देत होतो. आता देत नाही. का, ते पुढे येईल. मूळ वाक्य खोडून त्यावर मी आणि वकिलांनी सह्या केल्या आहेत.

७. आता नंबर अकरा.

छत्तीस वर्षांपूर्वी मंडळाने हुकूम काढला की देशातले सर्वांत जास्त पाला देणारे झुडूप शोधा. आमच्या प्रयोगाच्या वाफ्यात दोनशे चाळीस झुडपे होती. सहा वर्षे दर आठवड्याला मी प्रत्येक झुडपाचा पाला वेगळा खुडवून घेतला आणि ताणकाट्यावर तोलला. एकही आठवडा चुकवला नाही, मेव्हण्यांच्या लग्नाच्या आठवड्यातसुद्धा नाही. चौथ्या ओळीतले अकराव्या क्रमांकाचे झुडूप बाकीच्यांच्या दीडपट पाला देत होते. मला आकाश ठेंगणे झाले.

मुकादमबाई तेव्हा मुकादम नव्हत्या. पाला खुडणाऱ्या बायांतल्या एक होत्या, आणि त्या ओळीचा पाला त्याच खुडत. ज्या दिवशी मी अकराची निवड जाहीर केली त्या दिवशी त्या पुढे आल्या आणि म्हणाल्या, "मास्तर, त्या झुडपाच्या बुडाशी आमच्या चाळीच्या मोरीचं पाणी जातं. बारा घरांची भांडी तिथं घासली जातात. राख, खरकटं, सगळं तिथंच मुरतं. ते देणार नाही तर कोण देणार?"

मी म्हणालो, "बाई, तुम्ही पाला खुडा. शास्त्र आम्ही बघतो."

सगळे हसले. तेव्हाचे साहेब हसले, मी हसलो, त्यांच्याबरोबरच्या बायाही हसल्या. त्या वळल्या, टोपली उचलली आणि पुढच्या ओळीत गेल्या. माझ्या एकतीस वह्यांपैकी एकीतही हे संभाषण नाही. मी लिहिलेच नाही.

नियम असा होता की निवडलेल्या झुडपाची रोपे तीन वेगळ्या ठिकाणी, वेगळ्या मातीत, निदान पाच वर्षे लावून बघायची. मंडळाला घाई होती. मी ती रोपे फक्त रोपवाटिकेत लावली, जिथे पाणी होते, खत होते, सावली होती. तिथे कोणतेही रोप तरारते. दोन वर्षांनी मी शिफारस केली. तबक मिळाले. नंबर अकरा देशभर गेला. खोऱ्यात पाणी मुबलक म्हणून तो निभावला. माळावर गेला आणि पहिल्या कोरड्या हंगामात मेला. केंद्राने लिहिले की हवामान बदलले. हवामान बदलले हे खरेच आहे. पण त्याच माळावर, त्याच उन्हात बियांची झुडपे जिवंत होती, हे कोणी लिहिले नाही. मीही लिहिले नाही.

निवृत्तीनंतर केंद्राने जुनी चाळ पाडली. मोरी गेली. दोन वर्षांनी मी मुद्दाम चौथ्या ओळीत गेलो, अकराव्या झुडपाचा पाला खुडला आणि तोलला. आजूबाजूच्या झुडपांइतकाच भरला. पुढच्या वर्षी तेवढाच. तिसऱ्या वर्षी शेजारच्या दहाव्यापेक्षा कमी. त्या दिवशी मी ताणकाटा हातात धरून बांधावर बसलो आणि मला इतकी लाज वाटली की घरी आल्यावर थोरलीने ताप आहे का म्हणून कपाळाला हात लावला. मला ताप नव्हता. इतकी वर्षे देश ज्याला माझे झुडूप म्हणत होता, ते बारा घरांच्या खरकट्या पाण्यावर वाढले होते. एका बाईने मला ते तोंडावर सांगितले होते, आणि मी तिला हसून गप्प केले होते.

हे मी आतापर्यंत कोणालाच का सांगितले नाही? घमेंड. दुसरे काही नाही. माणसे वाटेत थांबवून म्हणत, "मास्तर, तुमचा अकरा लावलाय." मला ते ऐकायला आवडायचे.

आता केंद्राची नवी योजना आली आहे. माळावरच्या छोट्या बागायतदारांना नंबर अकराची बारा लाख रोपे फुकट वाटायची आहेत. फुकट म्हणजे काय, तर जुनी झुडपे आधी उपटायची ही अट आहे. ज्याच्याकडे एकच एकर आहे तो ते एकर उपटून माझे रोप लावणार, चार वर्षे पाल्याची वाट बघणार, आणि पहिल्या कोरड्या हंगामात त्याच्या हातात वाळक्या काड्या राहणार. म्हणून मी या बाबीत असे लिहिले होते की माझ्या मृत्यूनंतर थोरलीने माझ्या वह्या आणि तीन वर्षांच्या नव्या नोंदी केंद्रात नेऊन ही सातवी बाब सर्वांसमोर वाचून दाखवावी. तेही वाक्य खोडले आहे. ते कसे खोडले गेले, ते लिहिणे माझे कर्तव्य आहे, कारण त्याशिवाय हा कागद अर्धवट राहील.

८. आज शुक्रवार. दुपारी तीन वाजता वकील आले. डॉक्टर सकाळपासून इथेच होते, ते पहिले साक्षीदार. दुसरे साक्षीदार म्हणून शेजारचे पोस्टमास्तर यायचे होते, त्यांच्या दाढेने दगा दिला. मुकादमबाईंना मी वेगळ्या कारणासाठी बोलावले होते. दोन एकर बाग त्यांच्या नावे केली आहे हे त्यांना तोंडावर सांगावे, एवढीच माझी इच्छा होती. खरे सांगायचे तर त्यांना खूष झालेले मला बघायचे होते.

त्या व्हरांड्याच्या पायरीवर बसल्या. खुर्ची दिली तर म्हणाल्या, "इथं वारा आहे." वकिलांनी कागद पहिल्यापासून वाचून दाखवला. तबकाच्या बाबीला त्या हसल्या. बागेची बाब आली तेव्हा पदर सावरून बसल्या. सातवी वाचून झाली तेव्हा थोरली दारात उभी होती आणि तिचे डोळे भरले होते. तिला यातले काही माहीत नव्हते.

मुकादमबाईंनी विचारले, "रोपं कधी वाटणार आहेत?"

वकील म्हणाले, "येत्या सोमवारी. केंद्रावर कार्यक्रम आहे."

मग त्या माझ्याकडे वळल्या. "मास्तर, तुम्ही काय सोमवारच्या आत मरणार आहात का?"

डॉक्टरांना ठसका लागला. मी म्हणालो, तसा काही बेत नाही.

"मग हे मेल्यावर वाचून काय उपयोग? तोवर लोकांनी झुडपं उपटलेली असतील. माझ्या भाच्यानं कुदळसुद्धा घासून ठेवलीय."

मी म्हणालो, "बाई, मी तिथे उभा राहून बोललो तर..." माझी कातर तिथे चालली नाही.

"तर काय? लोक हसतील? हसू दे की. मी नाही मेले तेव्हा."

हे त्या रागाने म्हणाल्या नाहीत. पदराने मान पुसत म्हणाल्या. राग असता तर मी दोन शब्द परत केले असते. मी वकिलांकडून पेन घेतले आणि ते वाक्य खोडले. मी सोमवारी स्वतः केंद्रात जाणार आहे. वह्या घेऊन, ताणकाटा घेऊन, आणि साहेबांना, बूट भरले तरी चालतील, चौथ्या ओळीत नेऊन सर्वांसमोर अकरावे आणि दहावे झुडूप तोलून दाखवणार आहे. जे माणसाला जिवंतपणी करता येते ते मृत्युपत्रात लिहिणे हा पळपुटेपणा आहे. ज्याने निम्मे आयुष्य दुसऱ्यांच्या चुका छाटण्यात घालवले त्याला हे सत्त्याहत्तराव्या वर्षी कळले.

वकील म्हणाले, खाडाखोड झाली, आता दोन साक्षीदारांसमोर सही करावी लागेल, आणि दुसरे साक्षीदार तर नाहीत.

"मी करते की," मुकादमबाई म्हणाल्या.

वकिलांनी मान हलवली. "तुम्हाला चालणार नाही, बाई. ज्याला मृत्युपत्रातून काही मिळतं, त्यानं साक्षीदार होऊ नये. तुमच्या नावावर दोन एकर आहे."

"मग ते काढा."

थोरली म्हणाली, "मावशी, अहो, दोन एकर बाग आहे. पोस्टमास्तर उद्या येतील, उद्या करू."

"उद्यापर्यंत यांचं मन बदललं तर?" असे म्हणून त्या उठल्या आणि पहिल्यांदाच खुर्चीत येऊन बसल्या. "जमिनीचं काय, मला माझं एक एकर पुरतं. अठ्ठावीस वर्षं यांच्या काट्यावर मी पाला टाकला. वही यांची, सही यांची, चांदीचं ताट यांचं. काय घडलं ते मी डोळ्यांनी बघितलं होतं, पण बघितलं असं कुणी लिहून घेतलं नाही. आज लिहून घ्या."

मी आयुष्यात फार रडलेलो नाही. बायको गेली तेव्हा, आणि आज. हे लिहून ठेवतो, म्हणजे डॉक्टर पुढे गावभर सांगत सुटणार नाहीत.

त्यानुसार सहावी बाब बदलून दोन एकर बाग थोरलीला देत आहे. अट एकच. तिच्यातले बी माळावरचा कोणीही बागायतदार मागायला आला तर त्याला विनामूल्य द्यावे. हे मी मुकादमबाईंना विचारून लिहिले आहे. त्या म्हणाल्या, "माझ्या भाच्याला आधी."

९. माझ्या अंत्यविधीबाबत काही सूचना नाहीत. लवकर उरका. कारखान्याची पाळी कोणी बुडवू नये. या मृत्युपत्राची अंमलबजावणी थोरलीने करावी.

वरील सर्व मजकूर मला वाचून दाखवला, मी ऐकला, तो माझाच आहे, आणि खाडाखोडीसह मला मान्य आहे.

ठिकाण: माझ्या घराचा व्हरांडा.
दिनांक: मे महिन्याची तेवीस तारीख, शुक्रवार, संध्याकाळचे सव्वापाच.

सही: कातरमास्तर (सरकारी सही सोबतच्या पानावर)

साक्षीदार पहिला: डॉक्टर. मृत्युपत्र करणाऱ्याने माझ्यासमोर सही केली. त्यांची प्रकृती उत्तम असून सोमवारी चार तास उभे राहण्यास काहीही हरकत नाही.

साक्षीदार दुसरी: मुकादमबाई. मास्तरांनी माझ्यासमोर सही केली. हे मी बघितलं.